साखरपुड्याची खडीसाखर

आमच्या घरी खडीसाखर करत नसत, बसवत असत. जबलपूरच्या बाजारात मिश्री, म्हणजे खडीसाखरच, हवी तेवढी मिळते. कमानिया गेटच्या दुकानांत ती पोत्यांनी असते. पण घरातल्या मुलाचा साखरपुडा असला की मुलीला द्यायच्या पुड्यात घरची, धाग्यावर बसवलेली खडीसाखरच घालायची, ही आमच्याकडची रीत. आमची माणसं मराठ्यांच्या काळात चाकरीला म्हणून इकडे आली, तेव्हा इथे मनासारखी साखर मिळेना, त्यातून ही रीत पडली, असं वडील सांगत. खरंखोटं त्यांनाही माहीत नव्हतं.

साखर बसवायची ती आत्याने. आत्या म्हणजे वडिलांची धाकटी बहीण. लग्नानंतर दोन वर्षांत ती सासरहून परत आली आणि जबलपूरच्याच गोरखपूर मोहल्ल्यातल्या आमच्या घरात मागच्या खोलीत राहू लागली. का परत आली, ते कोणी बोलत नसे आणि मी कधी विचारलं नाही. न विचारणं हा माझा जुना गुण आहे. लोक त्याला समजूतदारपणा म्हणतात. मीही म्हणत असे.

आजीचा साखरेचा हात आत्याकडे आला होता. चुलत्यांकडची, मावसघरची, सगळ्या मुलांच्या साखरपुड्यांची साखर तिनेच बसवलेली. मात्र पुडा घेऊन पुढे जायची ती नाही. समारंभाच्या वेळी ती स्वयंपाकघरात किंवा मागच्या खोलीत. आई म्हणायची, विस्तवावरून उतरलेल्या साखरेला कसला दोष. म्हणजे आत्याचा हात चालायचा, तोंड चालायचं नाही. हे मी आज लिहितो आहे. तेव्हा मला त्यात काही वावगं दिसलं नव्हतं, हेही लिहायला हवं.

सत्तावीस वर्षांपूर्वी माझा साखरपुडा ठरला. मुलगी नागपूरची. मी नुकताच फॅक्टरीत लागलो होतो. मुलगी पाहायला आम्ही नागपूरला गेलो तेव्हा तिच्या भावाने माझं बोलणं ऐकून हसत विचारलं होतं, “जबलपूरला मराठी हिंदीत बोलतात का हो?” सगळे हसले, मीही हसलो, पण ते मला लागलं. या लोकांना आमच्या घराची काहीतरी अस्सल, देखणी गोष्ट दाखवावी असं मनाने घेतलं. ती गोष्ट म्हणजे आत्याची खडीसाखर. पुडा उघडला की काचेसारखे खडे दिसले पाहिजेत.

पौष अखेरची थंडी होती. आत्याने आदल्या दिवशीच सुताचे धागे पाकात बुडवून, साखरेत घोळवून गच्चीवर वाळत घातले होते. त्या साखरेच्या कणांवर पुढे खडे धरतात. सकाळी तिने मोठ्या पितळी गंजात पाक चढवला. आमच्याकडे पातेल्याला गंज म्हणतात. साखर विरघळली, तिने चमचाभर दूध सोडून मळी वर आणली, काढली, पाक मलमलीतून गाळला आणि गंज धुऊन पुन्हा चुलीवर ठेवला. गॅस होता, पण या कामाला ती अंगणातली चूलच घ्यायची. मग मला म्हणाली, “मी धागे घेऊन येते. तू नुसता उभा राहा. ढवळू नको, हलवू नको.”

मी ढवळलं नाही. हलवलंही नाही. पण पाक मला पिवळसर दिसत होता. आई गुलाबजामच्या पाकात लिंबू पिळायची ते मी लहानपणापासून पाहिलं होतं, आणि तो पाक कसा स्वच्छ राहायचा तेही. मी आत जाऊन एक लिंबू कापलं. एक फोड पिळली. फार फरक दिसेना म्हणून दुसरीही पिळली. सालं चुलीत टाकली. आत्या जिना उतरून आली तेव्हा मी तिने सांगितलं होतं तसाच उभा होतो.

आई लिंबू पिळायची ते पाकाची साखर होऊ नये म्हणून. हे मला ठाऊक नव्हतं. स्वयंपाक करणाऱ्या कुठल्याही बाईला ठाऊक असतं.

आत्याने गंजाच्या तोंडावर खराट्याच्या काड्या आडव्या ठेवल्या, त्यांना धागे बांधून पाकात सोडले, वर झाकण घातलं आणि गंज दोन गोधड्यांत गुंडाळून मागच्या खोलीत ठेवला. आता आठ दिवस त्याला हात लावायचा नाही. गंजाला धक्का लागला तर साखर बारीक रवाळ होते. त्या खोलीचं दार कोणी आपटायचं नाही. आत्या स्वतः तिथेच झोपायची, पण कूस बदलतानासुद्धा जपायची, असं ती हसून सांगायची.

आठव्या दिवशी गोधड्या सोडल्या. आई होती, वडील होते, शेजारच्या चाचीजी होत्या. त्या जातीने अग्रवाल, पण आमच्या घरातलं प्रत्येक साखर उघडणं त्यांनी पाहिलेलं. मी गोधडीचं एक टोक धरून उभा होतो. आत्याने एक काडी उचलली. धागा वर आला तो मधासारखा निथळत. कुठे कुठे चार कण चिकटलेले. दुसरा तसाच. तिसरा तसाच. गंजात नुसता घट्ट, चिकट पाक.

आई मोठ्याने बोलली नाही. मोठ्याने बोलली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, “वन्सं, तुमच्या हातालाच यश नाही. स्वतःचं काही बसलं नाही, माझ्या पोराचं काहून बसेल.”

चाचीजींना मराठी कळत होतं. त्यांनी मान खाली घातली. वडील बाहेर गेले. आत्या उठली. तिने गंज उचलला, मोरीत नेला आणि घासायला बसली. चिकट पाक सहज निघत नाही, गरम पाणी लागतं. ती गार पाण्यानेच घासत होती.

मला लिंबू त्याच क्षणी आठवलं. खात्री नव्हती. आणि खात्री करून घेणं सोपं होतं, कोणाही काकू-मावशीला विचारायचं, की पाकात लिंबू पडलं तर काय होतं. मी सत्तावीस वर्षं कोणाला विचारलं नाही. विचारलं असतं तर कळलं असतं.

साखरपुडा कमानिया गेटवरून आणलेल्या मिश्रीवर झाला. कोणाला काही फरक कळला नाही. आत्या डोकं दुखतंय म्हणून मागेच पडून राहिली. लग्न झाल्यावर दोन महिन्यांत तिने मझौलीच्या एका शाळेत नोकरी धरली आणि तिकडेच खोली घेतली. तिची ट्रंक मीच बसच्या टपावर चढवली. बस सुटेपर्यंत तिने खिडकीतून माझा हात धरला होता. तेव्हा सांगता आलं असतं. मी म्हणालो, पोचलीस की फोन कर.

ती सणावारी यायची. पोळ्या लाटायची, भाज्या चिरायची, पण साखरेच्या डब्याला हात लावायची नाही. चुलतभावांच्या मुलांचे साखरपुडे बाजारच्या मिश्रीवर होऊ लागले आणि रीत मोडली. सहा वर्षांपूर्वी आई गेली. शेवटपर्यंत तिचा समज तोच राहिला, आणि मी तो राहू दिला. आईपुढे लबाडी चालू ठेवणं आणि आत्याला दोष लागू देणं, ही दोन वेगळी पापं आहेत असं मला वाटतं. एकाची भरपाई आता होणार नाही.

या वर्षी मुलाचा साखरपुडा ठरला. तो पुण्याला नोकरीला आहे. मुलगी इथलीच, त्याच्याबरोबर शाळेत होती, घर हिंदीभाषी. मुलाला मराठी समजतं सगळं, बोलताना मात्र तिसऱ्या वाक्याला तो हिंदीत शिरतो. बायकोच्या मनात आलं की पुड्यात घरची खडीसाखर असावी. स्वतःच्या साखरपुड्याच्या वेळी तिने ही रीत नुसती ऐकलेली, पाहिलेली कधीच नाही. ती जेवणाच्या टेबलाशी मोबाइल धरून कोणाची तरी कृती बघत होती आणि मला मोठ्याने सांगत होती. साखर तीन वाट्या, पाणी एक वाटी. धागा आधी घोळवून ठेवा. मग म्हणाली, “अहो ऐका, यात लिंबू अजिबात घालायचं नाही म्हणे. थेंबभर जरी पडलं तरी साखर बसत नाही.”

माझ्या हातात पोळीचा तुकडा होता. तो मी खाल्ला. नंतर हात धुतले. दोन दिवस मी काही बोललो नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी चहा पिताना सांगितलं. सगळं, चुलीत टाकलेल्या सालांपर्यंत.

तिने कप खाली ठेवला. मला वाटलं, ती म्हणेल की जाऊ द्या, किती जुनी गोष्ट. ती म्हणाली, “म्हणजे माझ्या पुड्यात दुकानातली मिश्री आली ती तुमच्यामुळे.”

“हो.”

“आत्यांना सांगितलं?”

“नाही.”

“मग मला काय सांगून राहिले? उठा.”

मी रविवारी मझौलीला गेलो. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना मटारची तोडणी चालू होती. आत्या आता सदुसष्ट वर्षांची आहे. शाळेतून निवृत्त झाली, पण गावात अजून सगळे तिला दीदी म्हणतात, आणि तिचं घर विचारलं तर लोक वाटेल तेवढं लांब सोबत येतात. ती अंगणात उन्हाला बसून मटार सोलत होती. मला पाहून तिने परात माझ्या बाजूला सरकवली. म्हणजे बस आणि सोल. अर्धा किलो शेंगा झाल्या तोवर मी मुलाची, मुलीची, हॉलची माहिती दिली. मग शेंगा संपत आल्या असं दिसलं, आणि मला भीती वाटली की त्या संपल्या की माझं धाडसही संपेल.

मी म्हणालो, “आत्या, माझ्या साखरपुड्याची साखर मी बिघडवली होती. तू धागे आणायला गच्चीवर गेलीस तेव्हा पाकात लिंबू पिळलं.”

तिचे हात थांबले नाहीत. एक शेंग सोलून झाली, दाणे परातीत पडले.

“माहीत आहे,” ती म्हणाली. “बी सापडली होती.”

गंज घासताना तळाशी तिला लिंबाची बी मिळाली होती. पाक मलमलीतून गाळलेला, गंज धुतलेला, म्हणजे बी त्याच्यानंतरच पडलेली. आणि त्यानंतर चुलीपाशी माझ्याशिवाय कोणी नव्हतं. ती हे असं सांगत होती की जणू वर्गात गणित सोडवून दाखवते आहे. मी विचारलं की मग तेव्हाच का बोलली नाहीस.

“तू बोलशील म्हणून थांबले होते,” ती म्हणाली. “तुझं लग्न होईपर्यंत थांबले. बसमध्ये बसले तेव्हासुद्धा थांबले होते. हात धरला होता ना तुझा.”

तिने परात उचलून बाजूला ठेवली आणि पदराने हात पुसले. मग तिने जे सांगितलं ते मी सत्तावीस वर्षांत एकदाही मनात आणलं नव्हतं. मझौलीच्या शाळेचा अर्ज तिने माझ्या साखरपुड्याच्या आधीच, दसऱ्याला टाकला होता. उत्तर आलं तर जायचं की नाही ते तिचं ठरत नव्हतं. भाऊ काय म्हणेल, घर कसं सोडायचं. “तुझी आई ते बोलली नसती तर मी गेलेच नसते,” ती म्हणाली. “लोकांच्या पोरांची साखर बसवत राहिले असते आणि मागच्या खोलीत बसत राहिले असते. इथे येऊन मी माणसात आले. तेव्हा साखरेचा राग नाही मला. वाट पाहायला लावलीस, त्याचा आहे. तो राहू दे थोडा.”

मी म्हणालो, राहू दे. आणि खरं सांगतो, तिने राग आहे असं म्हटलं म्हणूनच मला बाकीचं खरं वाटलं. सरसकट माफ केलं असतं तर मी त्याच ओझ्यासकट परत आलो असतो.

मग मी बायकोचा निरोप दिला, की आत्याने येऊन साखर बसवावी. ती म्हणाली, “बसवते. पण दोन गोष्टी. मागच्या खोलीत मी बसणार नाही.”

“नाहीच बसायचं.”

“आणि गोधडी सोडायच्या आधी तू सगळ्यांसमोर सांगायचं. आधी. साखर बसल्यावर कोणीही सांगेल.”

ती आली. आमच्याकडे आता चूल नाही, गॅसवरच पाक केला. गंज तोच जुना, कल्हई उडालेला. बायकोने मुद्दाम नवी कल्हई करून आणला. आत्याने पाकाची एकतारी, दोनतारी बोटांवर बघितली, धागे आणायला मात्र मुलाला पाठवलं. “तू इथून हलायचं नाही,” मला म्हणाली, “आणि हात मागे बांधून उभा राहा.” बायको तोंडाला पदर लावून हसली. टोपलीतली लिंबं तिने आधीच फ्रिजच्या वर, माझा हात सहज पोचणार नाही अशा जागी ठेवली होती.

गंज गोधड्यांत गुंडाळून पुढच्या बैठकीच्या खोलीत, कोपऱ्यात ठेवला. तिथे टीव्ही आहे. आठ दिवस टीव्ही बंद राहिला आणि घरात सगळे हळू बोलत होते. मला त्या आठ दिवसांत साखर बसेल की नाही याची काळजी नव्हती. आठव्या दिवशी तोंड उघडेल की नाही याची होती. फॅक्टरीत युनियनच्या सभेतही मी कधी दोन वाक्यं बोललेलो नाही.

आठव्या दिवशी सकाळी आत्या, बायको, मुलगा, माझी चुलतबहीण आणि चाचीजी. चाचीजी आता पंच्याऐंशीच्या पुढे, त्यांच्या नातसुनेने धरून आणलं होतं. सत्तावीस वर्षांपूर्वी गोधड्या सोडताना असलेल्यांपैकी आत्या आणि मी सोडून त्याच एक उरल्या आहेत. आत्याने गोधडीच्या गाठीवर हात ठेवला आणि माझ्याकडे बघितलं.

मी सांगितलं. आवाज बारीक आला, पण सांगितलं. माझ्या साखरपुड्याच्या वेळी साखर आत्यामुळे बिघडली नव्हती, मी पाकात लिंबू पिळलं होतं आणि गप्प बसलो होतो. आई आत्याला जे बोलली ते मला लागायला हवं होतं.

तेवढ्यात चाचीजींनी कानाशी हात नेला. “का कह रहे हो भैया? जोर से बोलो।”

त्यांना ऐकू कमी येतं हे मी विसरलो होतो. आता तेच सगळं मला पुन्हा, मोठ्याने आणि हिंदीत सांगावं लागलं. “चाचीजी, उस बार की मिश्री मैंने बिगाड़ी थी। नींबू मैंने निचोड़ा था। बुआजी की कोई गलती नहीं थी।” दुसऱ्यांदा सांगताना आवाज मोकळा निघाला. इतका की नातसून दचकली. मुलगा भिंतीकडे तोंड करून हसत होता. चाचीजींनी मान हलवली, आत्याकडे वळल्या आणि म्हणाल्या की मला तर तेव्हाच वाटलं होतं, या मुलीचा हात कधी चुकत नाही. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, “और तुम इत्ते साल दाबे बैठे रहे?”

“जी,” मी म्हणालो.

आत्याने गाठ सोडली. वरचा साखरेचा पापुद्रा चमच्याच्या दांड्याने फोडला आणि पहिली काडी उचलली. धागा वर आला तो खड्यांनी लगडलेला, बोरांएवढे खडे, कडा उन्हात चमकणाऱ्या. अकरा धाग्यांपैकी दहा तसे. एक धागा गंजाच्या बुडाला चिकटून राहिला, तो तुटला. आत्या म्हणाली की एवढ्या वर्षांनी एवढं चालतं. मी भिंतीला टेकलो.

पाक निथळला, खडे भरभर गार पाण्यातून काढून कापडावर सुकत घातले. मुलाने एक खडा तोंडात टाकला आणि आत्याला म्हणाला, “आत्याआजी, हे ना, मस्त झालं आहे, एकदम... मतलब दुकान वाली में ये बात नहीं है.” आत्या म्हणाली, “वाक्य पूर्ण कर मराठीत, मग दुसरा खडा.” त्याने केलं.

साखरपुड्याला आत्या पुढे, मुलीच्या समोर पाटावर बसली. पुडा तिने दिला. मुलीच्या आईने विचारलं की ही मिश्री घरची आहे का, तेव्हा आत्याने “जी, मैंने जमाई है”, मी बसवली आहे, एवढंच सांगितलं.

पण ते पुढच्या आठवड्यातलं. त्या सकाळी, खडे सुकत असताना, आत्याने रिकामा गंज माझ्या हातात दिला. बुडाशी तुटलेल्या धाग्याचा गोळा आणि घट्ट पाक चिकटलेला होता. “हा तू घास,” ती म्हणाली. बायकोने पाणी तापवून दिलं. मी नळाशी उकिडवा बसलो, गरम पाणी ओतलं आणि पाक हळूहळू सुटत गेला. बैठकीतून चाचीजींचा आवाज येत होता. त्या नातसुनेला लिंबाची गोष्ट पहिल्यापासून सांगत होत्या. त्यांच्या सांगण्यात मी चार लिंबं पिळली होती. मी दुरुस्त करायला उठलो नाही. हात गंजात कोपरापर्यंत गेला होता आणि पाणी चांगलं ऊन होतं.